एका बिळातून एकच

आत्या, कोचीहून मेल आला होता. माझी निवड झाली होती. गेल्या वर्षी गणपतीच्या आधी मी तुला "नाही झालं" म्हणाले, ते खोटं होतं.

तू गेलीस त्याला आज तीन आठवडे झाले, आणि तुझ्याशी बोलायचं म्हटलं की मला इथूनच सुरुवात करावी लागते. त्या दिवशी मी मोबाइल हातात धरून स्वयंपाकघराच्या दारात उभी होते आणि तू खाली बसून बांगडे साफ करत होतीस. मान वर न करताच विचारलंस, "काय म्हणतत ते कोचीवाले?" तुझे पाय सुजायला लागून तेव्हा दोन महिने झाले होते. मोरीपर्यंत जाऊन आलीस तरी भिंतीला हात लावून थांबायचीस, आणि मी बघतेय असं दिसलं की भिंतीवरचा डाग पुसल्यासारखं करायचीस. मी दोन शब्द बोलले. तू म्हणालीस, "जाऊंदे गो, त्यांचाच नुकसान," आणि जेवताना बांगड्याचा मधला तुकडा माझ्या ताटात घातलास.

कोचीच्या त्या संशोधन संस्थेत जाऊन मी काय करणार होते, ते तुला नीट सांगितलंच नव्हतं. आपलं भांडण मिटवणार होते.

मी तुझ्याकडे आले तेव्हा सोळा वर्षांची होते. बाबांची नागपूरला बदली झाली, आईही गेली, आणि कॉलेज बदलायला नको म्हणून मला दोन वर्षांसाठी बोरिवलीला तुझ्या वन रूम किचनमध्ये ठेवलं. दोनाची नऊ झाली. सुरुवातीला मी तुझ्याशी फारसं बोलत नसे. शाळा इंग्लिश मीडियमची, घरातही अर्धं इंग्लिशच. तुझ्यासमोर तोंड उघडलं की वाक्य मध्येच कुठेतरी अडायचं. "हिचं मराठी म्हणजे चहात पडलेलं बिस्किट," असं तू शेजारच्या कांबळे काकूंना सांगितलंस. "काढूक जावा तर तुटता." मी आत बसून ऐकत होते. मला राग आला नाही. तुलना बरोबर होती.

मी तुझं घर कमीत कमी वापरायचा प्रयत्न करायचे. कपाटातला अर्धा कप्पा, टॉवेलसाठी दाराच्या मागचा खिळा, पुस्तकं पलंगाखाली. दार लावताना कडीचा आवाज होऊ देत नसे. दोन वर्षांची पाहुणी आहोत हे मी कधी विसरले नाही, दोन वर्षं संपून गेल्यावरही नाही.

मग एका रविवारी सकाळी तू म्हणालीस, "घरात बसून काय करतलंस? चल चिखलात."

मला वाटलं होतं तू नुसती गळ टाकून मासे पकडतेस. तेवढं बाबांनी सांगितलं होतं, जरा ओशाळून. लग्न न केलेली, नळसामानाच्या दुकानात काउंटरवर उभी राहणारी बहीण सुट्टीच्या दिवशी गोराईच्या खाडीवर पुरुषांच्या रांगेत गळ टाकून बसते, हे सांगताना त्यांना ओशाळायला व्हायचं. पण गळाच्या आधी आमिष, आणि आमिषासाठी तुझी ती पिचकारी. दोन इंची पीव्हीसी पाइपचा हातभर तुकडा, आत लोखंडी सळई, सळईच्या टोकाला हातपंपाचा चामड्याचा वायसर, वर धरायला आडवा दांडा. सगळं दुकानातल्या उरल्यासुरल्या तुकड्यांतून तू स्वतः बनवलेलं. ओहोटीला तिवरांच्या पुढे चिखल उघडा पडला की तू साडी गुडघ्यांपर्यंत खोचून आत उतरायचीस. भोक दिसलं की त्यावर पाइप टेकवायचा, दांडा वर ओढायचा, आत आलेला चिखल बाजूला सोडायचा आणि बोटांनी उसवून बघायचा. धक्क्यावरचे लोक ओरडायचे, "मॅडम, होळी कधीच झाली." तू वळूनही न बघता म्हणायचीस, "तुमच्या गळाला काय लागलं की अजून उपासच?"

त्या चिखलातून जी निघाली ती मी पहिल्यांदा बघितली तेव्हा हात मागे घेतला होता. कोळंबीसारखी, पण बाजारातल्या कोळंबीसारखी घट्ट नाही. अंगठ्याएवढी, मळकट पांढरी, मऊ, पुढच्या पायांवर केस, डोळे असून नसल्यासारखे. उन्हात आली की तिला काय करावं कळत नसे. आयुष्यभर बिळाच्या बाहेर न येणारा प्राणी. पोटाखालचे पाय हलवत बिळातून पाणी खेळवत ठेवायचं, त्या पाण्यातून येईल ते खायचं, एवढाच तिचा उद्योग. पुढे मी कॉलेजात शिकले की ही नावाला कोळंबी, नात्यानं खेकड्यांच्या जवळची. तुला सांगितलं तर म्हणालीस, "नात्याचा काय घेऊन बसलंस? जिताडो मासो खाता ना तिका?"

वरून दोन भोकं दिसतात, खाली ती एका नळीत मिळतात आणि नळी आणखी खोल जाते, हेही मला आधी पुस्तकानं नाही, तू सांगितलंस. मी एका पानावर भोकं मोजत होते आणि प्रत्येक भोकाला एक कोळंबी धरत होते. तू माझ्या वहीत डोकावलीस. "अर्धी कर," म्हणालीस. "वाय जॉइंट आसा तो. दोन तोंडां, एक लायन." माझ्या सरांना हे सांगायला पाऊण तास आणि चार आकृत्या लागल्या होत्या.

पण आपलं भांडण ते नव्हतं. एका घरात कधी एकच असायची, कधी दोन. पहिल्यांदा दांडा ओढला की एक यायची. पुन्हा त्याच तोंडावर टेकवून ओढलं तर कधी कधी दुसरी. तू दुसऱ्यांदा कधीच ओढत नसायचीस. एका बिळातून एकच, हा तुझा नियम. मी म्हणाले, दुसरी असेल तर ती आता एकटी पडली. घ्यायच्या तर दोघी घे, नाहीतर एकही नको. मला वाटत होतं मी दयेनं बोलतेय. तू पाइप धुता धुता म्हणालीस, "एकटा पडला म्हणून कोण मरत नाय."

आजी गेल्यानंतर बारा वर्षं तू त्या घरात एकटी राहिली होतीस. मी काय बोलून गेले हे मला त्या दिवशी कळलं नाही. कळलं तेव्हा मागे घ्यायची वेळ निघून गेली होती, आणि तोपर्यंत तो आपला आवडता वाद झाला होता. भाजी निवडताना, रिक्षाची वाट बघताना, कांबळे काकूंकडे चहा पिताना. मी म्हणायचे, पाणी खेळवायला दोघी लागत असतील. तू म्हणायचीस, एक मोटर बंद पडली तर दुसरीवर टाकी भरता, वेळ लागता इतकाच. काकू म्हणायच्या, तुम्ही दोघी कोळंबीचं लग्न लावा एकदाचं आणि मला जिलेबी द्या.

शेवटी मी बीएस्सीच्या दुसऱ्या वर्षाला असताना म्हटलं, बघूया. जिथून दोन निघाल्या त्यांतली एक परत सोडायची, म्हणजे आत एक आहे हे नक्की. शेजारी खराट्याचा हीर रोवायचा, त्याला लाल लोकर बांधायची. अशा बारा खुणा केल्या. पुढच्या अमावास्येच्या ओहोटीला जाऊन बघायचं, तोंड उघडं असलं तर आतली जगली.

पंधरा दिवसांनी गेलो तेव्हा माझी चप्पल चिखलात रुतली आणि ती काढत बसले. तू पुढे गेलीस. मी पोचले तेव्हा तू कमरेवर हात ठेवून उभी होतीस आणि तुझा चेहरा इतका उजळला होता की मी खाली बघायच्या आधी तुझ्याकडेच बघितलं. "सात," तू म्हणालीस. "सात उघडी आसत. मोज."

मी वाकून मोजली. सात होती. आत्या, खऱ्या बिळाचं तोंड आतून गुळगुळीत असतं. ती स्वतःच्या चिकट द्रवानं चिखल लिंपत जाते, कुंभारानं आतून हात फिरवावा तसा. त्या सात भोकांच्या कडा खरखरीत होत्या. सगळी एकाच मापाची, तुझ्या तर्जनीएवढी. दोनतीन ठिकाणी कडेला नखाची कोर उमटली होती.

मी वहीत सात लिहिलं. प्रोजेक्टमध्ये तो प्रयोग घातला नाही. सरांना सांगितलं, काड्या भरतीत वाहून गेल्या. तुला काहीच सांगितलं नाही. तू घरी येताना रिक्षात गाणं म्हणत होतीस आणि काकूंना जिन्यातूनच हाक मारून सांगितलंस की मी हरले. हरले म्हणून मी काकूंना खरंच जिलेबी आणून दिली. मला तुला पकडायचं नव्हतं. पण खरं सांगायचं तर नुसतं तेवढंच नाही. आपण दोघी त्या चिखलात वाकून ज्या सात भोकांकडे बघत होतो, ती खरी असावीत असं मलाही वाटत होतं, आणि बोलले असते तर ती खोटी झाली असती.

म्हणून कोची. अर्जात मी हेच लिहिलं होतं, त्यांना हव्या त्या भाषेत: जोडीतली एक काढली तर उरलेलीचं काय होतं. मुलाखतीत त्यांनी विचारलं, हा प्रश्न कुठून सुचला? मी म्हणाले, फील्डवर्कमधून. तुझं नाव घेतलं नाही. माझ्या सवयीप्रमाणे जेवढं कमी सांगता येईल तेवढं सांगितलं.

आणि निवड झाल्यावर मी त्यांना नाही म्हणून टाकलं. तुला एकटीला टाकून, एकटं पडल्यावर काय होतं ते शिकायला जायचं, हे मला जमलं नसतं. मी मोठा त्याग वगैरे केला असं समजू नकोस. मी घाबरले होते. तुझ्यासाठी थोडी, आणि कोचीसाठी बरीच.

त्यानंतरचे महिने मला हवे आहेत. सगळे नकोत, हॉस्पिटलचे नकोत. पण संक्रांतीनंतरचा तो एक रविवार हवा आहे. डॉक्टरांनी चिखल बंद केला होता, तरी तू जेट्टीपर्यंत आलीस. बाकावर बसलीस, पाय दुसऱ्या बाकावर, मांडीवर बडीशेपेचा डबा. मी पिचकारी घेऊन खाली उतरले आणि तू वरून ओरडत होतीस. डावीकडे. तो नको, तो खेकड्याचो. पाइप सरळ धर, वाकडो धरलंस तर हवा खाता. सगळी जेट्टी माझ्याकडे बघत होती. एरवी असं कुणी बघितलं असतं तर मी मरून गेले असते. त्या दिवशी मात्र मी ओरडून उत्तर दिलं, "तूच ये ना मग खाली." तू इतकी हसलीस की खोकला आला. शेजारच्या माणसानं पाण्याची बाटली पुढे केली. एक शिंगाळा लागला, तोही लहान. तू म्हणालीस सोडून दे, आणि मी सोडला, आणि मग तू घरी जाईपर्यंत सांगत होतीस की सोडायला नको होता.

भिंतीवरच्या कॅलेंडरवर ओहोटीच्या वेळा तू डिसेंबरपर्यंत लिहून ठेवल्या आहेस. निळ्या पेनानं, प्रत्येक रविवारी. मी रोज बघते. अजून एकाही रविवारी गेलेले नाही.

तेराव्यानंतर बाबा म्हणाले, आता इथे एकटी काय करणार, नागपूरला चल. मी बघते म्हणाले. ते गेले त्या दुपारी कांबळे काकू आल्या. हातात भाकरी आणि पिठल्याचा डबा होता, पण तो द्यायचं सोडून त्या तुझ्या पलंगावर बसून राहिल्या. मग म्हणाल्या, एक सांगते, मनात ठेवून बसले तर मला झोप यायची नाही.

तुला माहीत होतं.

मेल आल्याच्या तिसऱ्याच दिवशी सरांनी अभिनंदनाला फोन केला होता. मी अंघोळीला गेले होते आणि माझा मोबाइल तू उचललास. सरांचे आभार मानलेस, फोन होता तिथे ठेवलास, आणि मी बाहेर आल्यावर विचारलंस की चहात आलं घालू का. मला तो चहा आठवत नाही. मी खूप आठवून बघितलं. नंतर तू काकूंकडे गेलीस आणि म्हणालीस, पोरगी माझ्याशी खोटं बोलली. काकू म्हणाल्या, मग सांग तिला की तुला कळलंय, जाऊ दे तिला, आम्ही आहोत ना इथे. तू म्हणालीस, सांगते. दिवाळी होऊंदे, सांगते. नंतर काकूंनी विचारलं तर म्हणालीस, संक्रांत होऊंदे. मग त्यांनी विचारायचं सोडलं.

"ती मला हवीय इथे, असं म्हणाली," काकू म्हणाल्या. "स्वार्थी म्हण, म्हातारीला लागलेलं खूळ म्हण. पण तसं म्हणाली. आणि रडली, बाई. मी तिला रडताना त्याआधी बघितलं नव्हतं."

दोन दिवस मला तुझा भयंकर राग आला होता. फोटोसमोर दिवा लावला तो तुझ्याकडे न बघता. माझं एक वर्ष गेलं, आणि ते मी तुला दिलं असं समजत होते, तर तू ते आधीच घेतलं होतंस. त्या दिवशी बांगडे साफ करून झाल्यावर तू भांडी घासताना गुणगुणत होतीस. मला तेव्हा वाटलं, मला वाईट वाटू नये म्हणून. आता वाटतं, तू नुसती खूश होतीस. मी राहणार म्हणून. त्या क्षणी तर तुला सरांचा फोनही आला नव्हता, माझी निवड झाली नाही एवढंच कळलं होतं, आणि तू गुणगुणत होतीस.

राग उतरला तो असा नाही की एकदम उतरला. तिसऱ्या दिवशी कपाट आवरायला घेतलं. माझा अर्धा कप्पा उघडला आणि पहिल्यांदाच लक्षात आलं की त्याच्या शेजारचा अर्धा कधीच भरलेला नव्हता. तुझ्या साड्या वरच्या कप्प्यात कोंबलेल्या, ट्रंकेत दाबलेल्या, आणि इथे नऊ वर्षं वीतभर जागा मोकळी. तू ठेवलेली, मी न घेतलेली. मी तुला कधी विचारलं नाही, मी अजून राहू का. तू कधी म्हणाली नाहीस, रहा.

कोचीला मी परवा लिहिलं. ती जागा गेली, अर्थातच. पुढच्या फेरीला पुन्हा अर्ज करा, म्हणाले. करणार आहे. या वेळी प्रश्न कुठून सुचला असं विचारलं तर तुझं नाव सांगेन, दुकानासकट. सात भोकांचंही सांगेन. खरं उत्तर काय निघेल मला माहीत नाही, आत्या. कदाचित तूच बरोबर असशील. कदाचित उरलेली आठवडाभर पाणी खेळवत राहते आणि मग थांबते. तुझ्या बाजूनं उत्तर निघावं असं मला फार वाटतं, आणि असं वाटणारीनं हा प्रयोग करू नये, हेही मला कळतं. तरी करणार.

पण एक गोष्ट मला कुठल्याच प्रयोगातून मिळणार नाही. ती मिळवायला मी काल तिसऱ्यांदा काकूंच्या दारात गेले. मी, जी कुणाकडे वाटीभर साखर मागायला जात नाही. त्या भाकऱ्या थापत होत्या. मी म्हटलं, काकू, ती नेमकं कसं म्हणाली? तुमच्या शब्दांत नको, तिच्या. काकूंनी पिठाचे हात तसेच धरून थोडा वेळ विचार केला. त्या साताऱ्याकडच्या. तुझं बोलणं त्यांना सगळं कळायचं, बोलायला कधी जमलं नाही. तरी त्यांनी माझ्यासाठी प्रयत्न केला.

"माका ता चेडू हयच व्हया," त्या म्हणाल्या, आणि चुकलं की काय म्हणून माझ्या तोंडाकडे बघत राहिल्या.

चुकलं नव्हतं.

हे तू मला म्हणाली असतीस ना, तर मी राहिले असते, आत्या. खोटं न बोलता, दार आवाज करून लावत राहिले असते. आणि मी खोटं बोलले नसते, तर तू दुसऱ्या दिवशी सकाळी मला शिव्या देत माझी बॅग भरायला घेतली असतीस. हे आपल्या दोघींनाही माहीत होतं, म्हणून आपण दोघी गप्प बसलो.